चेहरा आहे, नाव कुठे?



  मला विषय दिला आहे तो सामान्य माणसांचे जगणे टिपणाऱ्या छायापत्रकाराचा. मुंबईच्या वर्तमानपत्रातल्या फोटो डेस्कवर हयात घालवलेला माणूस बोलावला म्हणजे तो मुंबईच्या गोष्टी सांगणार, असा तुमचा अंदाज असेल. तो बरोबर आहे. पण मुंबई गाठण्याआधी मला तंजावूरच्या या राजवाड्याच्या आसपासच थोडे रेंगाळायचे आहे. सामान्य माणसाचे चित्र काढून विकण्याचा धंदा कॅमेरा येण्याच्या आधी ज्या गावांत जोरात चालला, त्यांत तुमच्या गावाचा नंबर फार वरचा लागतो.

१८०० च्या आगेमागे, म्हणजे इथले मराठा राजे सरफोजी यांच्या काळात, इथले चित्रकार ईस्ट इंडिया कंपनीच्या साहेबांसाठी चित्रांचे संच तयार करत. विलायती कागद, जलरंग, आणि प्रत्येक कागदावर एक जोडपे. क्षितिज अगदी खाली, वर मोकळे आकाश, आणि मधोमध नवरा-बायको उभे. धोबी असेल तर कपड्यांचे गाठोडे, कुंभार असेल तर मडकी, ताडी काढणारा असेल तर कमरेला गाडगे. साहेब हा संच बांधून घ्यायचा आणि मायदेशी न्यायचा. 'मी राहिलो त्या देशात कसली कसली माणसे असतात ते पाहा' म्हणून घरच्यांना दाखवायचा. लंडनच्या व्हिक्टोरिया अँड अल्बर्ट म्युझियममध्ये आणि ब्रिटिश लायब्ररीत असे संच आज जपून ठेवलेले आहेत.

ही चित्रे सुंदर आहेत. लुगड्याचा काठ, कानातले दागिने, पायातल्या वहाणा, सगळे बारकाईने काढलेले. पण चार-पाच पाने उलटली की लक्षात येते, चेहरे फारसे बदलत नाहीत. धोबी आणि कुंभार सख्खे भाऊ वाटावेत इतके सारखे दिसतात. साहेबाला धोबी हवा होता, अमुक एक धोबी नको होता. चित्राखाली जात लिहिलेली असते, धंदा लिहिलेला असतो. नाव नसते. चित्रकाराचेही बहुतेक ठिकाणी नसतेच, म्हणजे निदान त्या बाबतीत समता म्हणायची.

आता इथून चालत जाण्याच्या अंतरावर मोठे देऊळ आहे. बृहदीश्वराच्या भिंतीवर आपल्या भोसले घराण्याचा इतिहास मराठीत कोरलेला आहे आणि महाराष्ट्रातून आलेला प्रत्येक पाहुणा त्यापुढे उभा राहून फोटो काढतो. १८०३ चा तो लेख. मीही काढला, नाही कशाला म्हणू? पण त्याच देवळाच्या आवारभिंतीवर त्याच्या आधी जवळजवळ आठशे वर्षे कोरलेला एक तमिळ लेख आहे, त्यापुढे सहसा कोणी थांबत नाही. पहिल्या राजराजाने चोळदेशातल्या निरनिराळ्या देवळांतून ४०० नर्तकी इथे आणून वसवल्या. त्या चारशे जणींची यादी त्या लेखात आहे. नुसती संख्या नाही. प्रत्येकीचे नाव, ती कुठल्या गावच्या कुठल्या देवळातून आली ते, तिला कोणत्या रस्त्याच्या कोणत्या रांगेत कितवे घर दिले ते, आणि वर्षाला मिळणाऱ्या शंभर कलम (हे धान्याचे माप) भाताचा तिचा वाटा. पुढे गवई आहेत, वाजवणारे आहेत, शिंपी आहे, कुंभार आहेत, परीट आणि न्हावी आहेत. राजराजाला या बायकांविषयी फार जिव्हाळा होता असे मी म्हणत नाही. हा पगारपत्रकाचा हिशेब आहे. पण हिशेबापुरते का होईना, 'चारशे बायका' एवढ्यावर काम भागत नाही हे त्या कारकुनाला कळत होते. भात कोणाच्या दारात टाकायचा ते लिहावेच लागते.

म्हणजे एका मैलाच्या आत दोन गोष्टी झाल्या. देवळाच्या भिंतीवर नावे आहेत, चेहरे नाहीत. राजवाड्याच्या काळातल्या कागदांवर चेहरे आहेत, नावे नाहीत. छायापत्रकाराचा धंदा काय, असे मला कोणी विचारले तर मी म्हणेन, या दोन्हींची गाठ मारणे. बाकी प्रकाश, चौकट, क्षण हे सगळे त्याच्या पाठोपाठ येते. आजचे माझे सगळे बोलणे एवढ्यासाठीच आहे.

कॅमेरा तंजावुरात लवकर आला. मद्रास इलाख्याचा सरकारी छायाचित्रकार कॅप्टन लिनियस ट्राइप १८५८ साली इथे येऊन गेला. त्याने मोठ्या देवळाच्या विमानाच्या जोत्यावरचे शिलालेख टिपले आणि एकवीस छापे एकाला एक जोडून जवळजवळ एकोणीस फूट लांबीची पट्टी केली. त्या काळातली ही करामत थक्क करणारी आहे. मेण लावलेल्या कागदाची निगेटिव्ह, उन्हाचा तडाखा, आणि प्रत्येक छाप्याची रेघ पुढच्याशी जुळवायची. पण ट्राइपची तंजावूरची छायाचित्रे पाहिली की गाव ओस पडल्यासारखे वाटते. एवढे भव्य देऊळ, एवढी अंगणे, आणि माणसाचा पत्ता नाही. कागदी निगेटिव्हला लागणारा वेळ मोठा असे. चालते-फिरते माणूस तिच्यावर उमटत नसे. शिवाय साहेबाला देऊळ हवे होते. पुजारी, झाडूवाली, फुलवाली नको होती.

मग माणसे हवी झाली, पण तीही नमुना म्हणून. १८६८ ते १८७५ या काळात सरकारने 'द पीपल ऑफ इंडिया' नावाचे आठ खंड काढले. जातीजमातींची छायाचित्रे आणि खाली त्यांच्या स्वभावाचे दाखले: अमुक लोक कष्टाळू, तमुक लोक विश्वासाला अपात्र. तंजावूरच्या जोडप्यांचे संच आता कॅमेऱ्याने निघू लागले, एवढाच फरक. मद्रासच्या सरकारी संग्रहालयाचे प्रमुख एडगर थर्स्टन तर माणसांच्या नाकांची मापे घेत. त्यांचे 'कास्ट्स अँड ट्राइब्ज ऑफ सदर्न इंडिया' १९०९ साली सात खंडांत निघाले, आणि अभ्यासक ते अजून उघडतात. माहिती पुष्कळ आहे त्यात. माणूस शोधावा लागतो.

याच इलाख्यातला आणखी एक छायाचित्रकार सांगतो आणि हा भाग संपवतो. विलोबी वॉलेस हूपर, मद्रासच्या फौजेतला घोडदळाचा अधिकारी. १८७६ ते ७८ चा दुष्काळ दक्षिणेत लाखोंचा बळी घेऊन गेला. हूपरने दुष्काळग्रस्तांचे फोटो काढले. बरगड्या मोजता याव्यात अशी माणसे. पण बसवलेली कशी? पुढे मुले, मागे मोठी माणसे, कडेला एक उभा: स्टुडिओत लग्नाचा ग्रुप फोटो काढतात तशी. त्या माणसांना बसता येत नव्हते, तरी त्यांना रचले. हाच हूपर पुढे ब्रह्मदेशात, १८८६ च्या सुमारास, कैद्यांना गोळ्या घालण्याच्या नेमक्या क्षणी कॅमेरा लावून उभा राहिला. त्यावर ओरड झाली, चौकशी झाली, ठपका आला. फोटो तांत्रिकदृष्ट्या उत्तम होते.

दुष्काळ म्हटला की मला दुसरा एक माणूस आठवतो, तो छायाचित्रकार नव्हता. चित्तप्रसाद. १९४३ च्या बंगालच्या दुष्काळात तो मिदनापूर भागात पायी हिंडला आणि शाईने चित्रे काढली. सोबत सुनील जाना कॅमेरा घेऊन दुष्काळ टिपतच होता. चित्तप्रसादच्या चित्रांचे वैशिष्ट्य हे की तो चित्राबरोबर माणसाची हकीकत लिहायचा: नाव काय, गाव कोणते, जमीन कशी गेली, घरातले कोण कोण गेले. उपाशी माणसाचे चित्र काढताना त्याने आधी त्याला नाव विचारले होते. 'हंग्री बेंगॉल' नावाची त्याची पुस्तिका सरकारने जप्त करून जाळली. हूपरचे अल्बम संग्रहालयांत राहिले, चित्तप्रसादची पुस्तिका जाळली गेली. सरकारला नेमके कशाचे भय वाटते, ते यावरून कळते. चित्तप्रसाद पुढे मुंबईत अंधेरीला राहिला आणि हलाखीतच राहिला. आम्हा मुंबईकरांना त्याचे फारसे पडले नव्हते.

आता मुंबई.

सुधारक ओलवे यांचा जन्म १९६६ चा, अकोल्याचा. १९८८ पासून ते मुंबईत छायापत्रकार म्हणून काम करू लागले. वर्तमानपत्रातल्या छायापत्रकाराचा दिवस कसा जातो ते बाहेरच्यांना ठाऊक नसते म्हणून सांगतो. सकाळी मंत्र्याचे उद्घाटन, दुपारी कोर्टाबाहेर आरोपी, संध्याकाळी क्रिकेटची नेट प्रॅक्टिस, आणि मध्ये कुठे आग लागली, इमारत पडली तर सगळे टाकून पळायचे. फिल्मच्या काळात रोल घेऊन ऑफिसात यायचे, डार्करूममध्ये धुवायचा, कॉन्टॅक्ट शीट काढायची. मग संपादक भिंग लावून लाल मेणपेन्सिलीने एका चौकटीवर खूण करणार. छत्तीसातली एक. उरलेल्या पस्तीस पाकिटात. त्या एका फोटोला रकाना किती मिळेल ते जाहिराती किती आल्या त्यावर. अशा दिवसातून वेळ चोरून कोणी वर्षानुवर्षे एकाच विषयामागे लागतो, तेव्हा तो पगारासाठी लागलेला नसतो.

ओलवे ज्या विषयामागे लागले तो मुंबई महापालिकेचा सफाई कामगार. रस्ता झाडणारे, घराघरांमागच्या हाउसगल्ल्या उपसणारे, कचऱ्याच्या गाडीवरचे मोटर लोडर, मॅनहोलमध्ये उतरणारे. तीस हजारांच्या घरात ही माणसे, बहुतेक सगळी दलित. सकाळी चौकीवर हजेरी, मुकादम हद्द वाटून देणार, आणि मग शहर जागे व्हायच्या आत त्याची घाण दिसेनाशी करायची. मुंबईच्या हाउसगल्लीची कल्पना तंजावुरात येणार नाही. दोन इमारतींच्या पाठी एकमेकींकडे वळलेल्या, मधे दीड-दोन हात जागा, तीत दोन्हीकडच्या संडासांचे नळ उतरलेले, आणि वरच्या मजल्यावरून काय पडेल त्याचा नेम नाही. तिथे माणूस खराटा आणि फावडे घेऊन शिरतो. मोर्चा, निदर्शने, निवडणूक यांत त्याचा फोटो येत नाही. तो संपावर गेला तर साचलेल्या ढिगाचा फोटो येतो. ढिगाचा, त्याचा नव्हे.

ओलवे यांनी हे काम कृष्णधवल फिल्मवर केले. मॅनहोलच्या गोल तोंडातून फक्त खांदे आणि डोके बाहेर आलेला माणूस हे त्यातले लोकांच्या लक्षात राहिलेले चित्र. ते पाहताना अंगावर काटा येतो, आणि त्याच वेळी मला एक शंका येते. असे चित्र हूपरही काढू शकला असता. अंगावर काटा आणणे ही कॅमेऱ्याची सोपी करामत आहे. ओलवे यांचे काम तिथे संपत नाही म्हणून मोठे आहे. ते त्या माणसाच्या मागोमाग त्याच्या घरी गेले. पालिकेच्या चाळीतली एक खोली, भिंतीवर बाबासाहेबांचा फोटो, चुलीपाशी बायको, कोपऱ्यात अभ्यास करणारा मुलगा.

या मुलापाशी सगळी गोष्ट अडकलेली आहे. घर नोकरीशी बांधलेले. बाप निवृत्त झाला किंवा गेला की खोली सोडायची. खोली टिकवायची तर घरातल्या कोणीतरी बापाच्या जागी लागायचे. लाड-पागे समितीच्या शिफारशीने वारसाला नोकरीचा हक्क मिळाला. तो हक्क म्हणून मोलाचा आहे, त्यावर कुटुंबे तगली आहेत. पण हक्काने मिळतो तो खराटाच. बी.ए. झालेला मुलगा, नवरा गेलेली तिशीतली बाई, सगळे त्याच चौकीवर हजेरी लावायला येतात. मॅनहोलमधल्या माणसाच्या फोटोत हे दिसत नाही. त्याच्या खोलीतल्या फोटोत दिसते, आणि खोलीत शिरायला त्याने 'ये' म्हणावे लागते. 'ये' म्हणायला त्याला तुमचे नाव माहीत हवे आणि तुम्हाला त्याचे. नाव विचारणे हा मी शिष्टाचार म्हणून सांगत नाही. त्याशिवाय दुसरा फोटो मिळतच नाही.

या कामासाठी नॅशनल जिओग्राफिकने 'ऑल रोड्स' कार्यक्रमात ओलवे यांची निवड केली. 'इन सर्च ऑफ डिग्निटी अँड जस्टिस' या नावाने ते पुस्तकरूपाने आले, देशोदेशी प्रदर्शने झाली. २०१६ साली पद्मश्री मिळाली. गंमत अशी की ती कलेच्या नव्हे, सामाजिक कार्याच्या खात्यात मिळाली. काही छायाचित्रकार मित्रांना हे खटकले. मला खटकले नाही. त्यांनी कामाठीपुऱ्यातल्या स्त्रियांचे जगणे टिपले, महाराष्ट्रात जातीय अत्याचारांत मारल्या गेलेल्यांच्या घरच्यांचे फोटो काढले. त्यांच्या फोटोग्राफी प्रमोशन ट्रस्टने ज्यांच्याकडे कॅमेरा जात नाही अशा वस्त्यांतल्या मुलांच्या हाती तो दिला. हे कलेच्या खात्यात बसत नसेल तर तो कलेच्या खात्याचा दोष.

हे काम करणारे ते एकटे नाहीत. मराठीत संदेश भंडारे यांनी तमाशाच्या फडांबरोबर हिंडून कनातीच्या मागचे जग टिपले, वारी टिपली. तुमच्या शेजारच्या म्हैसूरचे टी. एस. सत्यन आयुष्यभर शाळकरी पोरे, बाजारकरी, म्हातारेकोतारे यांचेच फोटो काढत राहिले. प्रत्येकावर स्वतंत्र व्याख्यान व्हावे. मी आज तमिळनाडूत आहे, म्हणून एका तमिळ माणसावर थांबतो.

एम. पलनी कुमार मदुराईचे. आई मासळी विकणारी. २०१७ साली दिव्या भारती यांनी 'काक्कूस' नावाचा माहितीपट केला. हाताने मैला साफ करायला लावल्या जाणाऱ्या तमिळनाडूतल्या माणसांवरचा. तो दाखवायला पोलिसांनी ठिकठिकाणी अडवले, दिग्दर्शिकेवर खटले घातले. त्याचे छायाचित्रण पलनी कुमार यांचे. चित्रपट संपला तरी त्यांचे काम संपले नाही. पुढे ते पी. साईनाथ यांनी २०१४ साली सुरू केलेल्या 'पारी'त, म्हणजे ग्रामीण भारताच्या ऑनलाइन जनसंग्रहात, छायाचित्रकार झाले. गटारात उतरून मेलेल्यांची कुटुंबे, रामनाथपुरमच्या समुद्रात बुडी मारून शेवाळ काढणाऱ्या बाया, मिठागरातले मजूर, मासळी बाजारातल्या विक्रेत्या आणि स्वतःची आई हे त्यांचे विषय. २०२२ साली पहिला दयानिता सिंग-पारी पुरस्कार त्यांना मिळाला. या विषयांवरचे लेख 'पारी' अनेक भाषांत देते, मराठीतही. त्यामुळे तंजावूरच्या मराठी घरात बसून रामनाथपुरमच्या बाईची हकीकत मराठीत वाचता येते. ही सोय सरफोजी राजांना आवडली असती.

'पारी'त 'फेसेस' नावाचा एक विभाग आहे. देशाच्या निरनिराळ्या जिल्ह्यांतले साधे चेहरे. प्रत्येकाखाली नाव, धंदा, गाव. मी तो पहिल्यांदा पाहिला तेव्हा मला तुमच्या मोठ्या देवळाची भिंत आठवली.

ओलवे आणि पलनी कुमार या दोघांत एक फरक मला महत्त्वाचा वाटतो. ओलवे दैनिकातून त्या खोलीपर्यंत चालत गेले. पलनी कुमार तशाच खोलीतून बाहेर आले आणि कॅमेरा घेऊन परत गेले. आईच्या हातातली मासळी त्यांना विषय म्हणून शोधावी लागली नाही. माझे मत विचाराल तर पुढचे काम दुसऱ्या वाटेने येणाऱ्यांचे आहे. बाहेरून जाणारा कितीही भला असो, त्याला आधी दार ठोठावावे लागते.

आता आमच्या डेस्कविषयी. मराठी वर्तमानपत्रात फोटोखाली जी ओळ असते तिला आम्ही फोटोओळ म्हणतो. तिचे ठरलेले साचे आहेत. उन्हाळ्यात: 'उन्हाचा तडाखा वाढल्याने डोक्यावर पदर घेऊन जाणारी महिला.' पावसाळ्यात: 'सरींमध्ये भिजण्याचा आनंद लुटताना तरुणाई.' दिवाळीत: 'पणत्यांना रंग देण्यात मग्न कारागीर.' आणि शेवटी कंसात 'छाया' लिहून छायाचित्रकाराचे नाव. ती महिला कोण, तो कारागीर कोण, कुठल्या गल्लीतला, याला जागा नाही. फोटोत पुढारी असेल तर मात्र 'डावीकडून' म्हणून सात नावे येतात, आणि एक राहिले तर रात्री फोन येतो. म्हणजे जागेची अडचण नाही. तंजावूरच्या धोब्यानंतर दोनशे वर्षांनी आमच्या रंगीत पानावर पुन्हा धोबीच आहे, अमुक एक धोबी नाही.

हे जगभर असेच आहे. अमेरिकेतल्या मंदीच्या काळात, १९३६ साली डोरोथिया लँगने कॅलिफोर्नियात एका मजूर आईचा फोटो काढला. दोन मुले खांद्यात तोंड खुपसून, आईचा हात गालाशी. त्या शतकातल्या सर्वांत गाजलेल्या फोटोंपैकी तो एक. त्या बाईचे नाव जगाला कळायला १९७८ साल उजाडले. फ्लॉरेन्स ओवेन्स थॉम्प्सन. फोटोमुळे आपल्याला एक पैही मिळाली नाही, असे ती तेव्हा म्हणाली. लँगने तिला नाव विचारले नव्हते. लँग थोर होती, पण तिने नाव विचारले नव्हते.

इथे तुमच्यापैकी कोणी हात वर करून विचारेल, की नाव छापल्याने माणसाचे नुकसान होत असेल तर? होते. अत्याचार झालेल्या स्त्रीची ओळख उघड करायला कायद्याने बंदी आहे, आणि ती योग्य आहे. कितीतरी सफाई कामगार आपण काय काम करतो ते मुलांच्या शाळेत सांगत नाहीत. घरून स्वच्छ कपडे घालून निघतात आणि चौकीवर बदलतात. त्यांचा चेहरा छापला तर मुलाच्या वर्गात काय होईल, ते छापणाऱ्याने आधी विचारात घ्यायला हवे. पण एखाद्याने 'माझे नाव देऊ नका' म्हणणे वेगळे आणि त्याला कोणी विचारलेच नसणे वेगळे. पहिल्यात त्याचा निर्णय आहे. दुसऱ्यात आमची घाई आहे, आणि बहुतेक वेळा आम्ही घाईला सभ्यतेचा अंगरखा घालतो.

नावाला किंमत किती, तेही सांगतो. हाताने मैला साफ करण्याविरुद्धचा पहिला कायदा १९९३ चा, दुसरा २०१३ चा. २०१४ च्या मार्चमध्ये सर्वोच्च न्यायालयाने आदेश दिला, की १९९३ पासून गटारात मेलेल्या माणसांची कुटुंबे शोधा आणि प्रत्येकी दहा लाख रुपये द्या. ऑक्टोबर २०२३ मध्ये ही रक्कम तीस लाख केली. पण शोधायची कशी? ठेकेदाराच्या वहीत नाव नाही, पालिका म्हणते आमचा माणूस नव्हता, आणि वर्तमानपत्रात बातमी होती 'दोन कामगारांचा गुदमरून मृत्यू'. राजराजाच्या कारकुनाला शंभर कलम भातासाठी घराचा क्रमांक लिहावा लागला होता. आमच्या काळात तीस लाखांसाठीही नाव सापडत नाही. सफाई कर्मचारी आंदोलनासारख्या संघटनांना घरोघर फिरून मेलेल्यांची नावे गोळा करावी लागली. छायापत्रकाराने त्या दिवशी फोटोखाली नाव, गाव लिहिले असते तर तो कागद कोर्टात पुरावा झाला असता. फोटो पाहून डोळ्यांत पाणी आले तर ते सुकते. फोटोखाली नाव असले की त्यावर अर्ज करता येतो.

या सगळ्या फोटोंनी काय बदलले? मॅनहोलमधले मृत्यू थांबले नाहीत. मुंबईत नाही, चेन्नईत नाही. मी यावर गोड बोलणार नाही. छायाचित्रामुळे समाज बदलतो असे पुरस्कार समारंभात म्हणायची पद्धत आहे. मला तसा अनुभव नाही. पण तीस हजार माणसे दिसत नव्हती, त्यातली काही आता चेहऱ्यानिशी आणि नावानिशी नोंदीत आहेत. पुढे जो कोणी हिशेब मागेल, त्याच्या हाताशी काहीतरी आहे.

शेवटी तंजावूरच्या मंडळींना दोन कामे सांगतो. व्याख्यात्याने काम सांगू नये असा संकेत आहे, पण एवढ्या लांबून आलो आहे, तेव्हा सांगतोच.

पहिले तुमच्या घरचे. इथल्या मराठी घरांत जुने ग्रुप फोटो आहेत: मुंजीचे, लग्नाचे, कुणी पेन्शनीत निघाल्याचे. मधल्या रांगेत कोण बसले ते सर्वांना माहीत असते. कडेला उभी असलेली स्वयंपाकीण, मागच्या रांगेतला टांगेवाला, मांडीवर पोर घेतलेली दाई यांची नावे फक्त घरातल्या सर्वांत म्हाताऱ्या माणसाला ठाऊक असतात. ती त्याच्याकडून विचारून घ्या आणि फोटोच्या पाठीमागे मऊ शिसपेन्सिलीने लिहा. बॉलपेन वापरू नका. त्याचा दाब पुढच्या बाजूला उमटतो आणि शाई फुटते. हे पुढच्या वर्षावर टाकू नका. ते म्हातारे माणूस पुढच्या वर्षी असेलच असे नाही.

दुसरे या आवारातले. सरस्वती महाल ग्रंथालयात ताडपत्रांना गवती चहाचे तेल लावणारे हात आहेत. सकाळी पर्यटक येण्याआधी अंगण झाडणाऱ्या बाया आहेत. तिकिटाच्या खिडकीवर, फाटकाशी मान हलवणाऱ्या बाहुल्या विकायला, रिक्षा स्टँडवर माणसे आहेत. तुमच्या मुलांच्या हातात फोन आहेत, त्यांत ट्राइपच्या पेटीपेक्षा कितीतरी भारी कॅमेरा आहे. त्यांना सांगा, प्रत्येकाची परवानगी घेऊन फोटो काढा, आणि फोटोओळ ज्याची त्याच्याकडूनच सांगून घ्या. ज्याला नाव नको असेल त्याचे लिहू नका. पुढच्या वर्षी व्याख्यान ठेवण्याऐवजी ते फोटो इथेच लावा, ओळी आधी तमिळमध्ये आणि खाली मराठीत. उद्घाटनाला मंत्री बोलावू नका. फोटोतली माणसे बोलावा, आणि त्यांना पहिल्या रांगेत बसवा.